'हाड जुळलं नाही' म्हणजे कुणाची चूक?

कापडी पिशवीत एक्स-रेचे चार-पाच फोटो, कडा मुडपलेली फाइल आणि नडगीच्या हाडात घातलेला रॉड. गोंदिया जिल्ह्यातल्या अस्थिरोग ओपीडीबाहेरच्या बाकावर असा एखादा माणूस हमखास बसलेला असतो. देवरीकडे जाताना महामार्गावर दुचाकी घसरली, पाय मोडला, ऑपरेशन झालं. दहा महिने उलटले तरी कुबडी सुटत नाही. डॉक्टर फोटो दिव्यासमोर धरतात आणि फाइलवर लिहितात, 'नॉन-युनियन, टिबिया', म्हणजे नडगीचं हाड जुळलेलं नाही. सोबत आलेला मेहुणा लगेच त्या शब्दावर बोट ठेवतो. "म्हणजे आधीच्या दवाखान्याची चूक झाली, असंच ना जी? लिहूनच तर दिलं तुम्ही!"

नाही. तसं काहीही लिहिलेलं नाही.

हा गैरसमज नातेवाइकांपुरता असता तर एकवेळ चाललं असतं. पण काही डॉक्टरही याच भीतीने तो शब्द टाळतात. 'पायाचे फ्रॅक्चर, पुढील उपचारासाठी दाखल' असं गुळमुळीत वाक्य लिहून मोकळे होतात. एकाला त्या शब्दात कबुलीजबाब दिसतो, दुसऱ्याला कोर्टाची पायरी. या दोघांच्या ओढाताणीत कागद मात्र खोटं बोलू लागतो.

तो शब्द पुढे संकेतांकात कसा उतरतो, ते पाहिलं तर हा घोळ राहू नये. जागतिक आरोग्य संघटनेच्या आजार-वर्गीकरणाची दहावी आवृत्ती, म्हणजे आयसीडी-१०, १९९० साली मंजूर झाली. तिच्यात 'एम ८४' या घरात तीन शेजारी राहतात. 'एम ८४.०' म्हणजे हाड जुळलं, पण वाकडं. 'एम ८४.१' म्हणजे जुळलंच नाही. 'एम ८४.२' म्हणजे जुळतंय, पण उशिराने. त्यापुढे जागेचा आकडा जोडता येतो. ६ म्हणजे गुडघ्याखालचा पाय. झालं. हाडाची आजची अवस्था आणि जागा, एवढंच हा संकेतांक सांगतो. ऑपरेशन कुणी केलं, कसं केलं, हे लिहायला त्यात खणच नाही.

दोष किंवा अपघात नोंदवायचाच असेल, तर त्याच वर्गीकरणात त्यासाठी वेगळी रांग आहे. उपचार करताना घडलेल्या चुकांसाठी 'वाय ६०' ते 'वाय ६९'. हातापायाच्या हाडात बसवलेली प्लेट किंवा रॉड तुटला, सरकला, तर 'टी ८४.१'. त्यातही धातू तुटला एवढंच कळतं, कुणामुळे ते नाही. ज्यांना आरोप शोधायचा आहे ते भलत्याच खणात हात घालतात.

मग चांगलं ऑपरेशन होऊनही हाड जुळत का नाही? नडगीवरून हात फिरवून पाहावा. पुढच्या बाजूला कातडीखाली लगेच हाड लागतं. घोट्याकडच्या तिसऱ्या भागात तर स्नायूंचं आवरण फारच कमी, म्हणून रक्तपुरवठाही बेताचा. हाड कातडी फाडून बाहेर आलं असेल, जखमेत माती गेली असेल, तर जंतुसंसर्गाची भर. अमेरिका, कॅनडा आणि नेदरलँड्समधल्या रुग्णालयांनी मिळून नडगीच्या हाडात रॉड घातलेल्या १,२२६ रुग्णांचा अभ्यास केला. तो २००८ साली प्रसिद्ध झाला. तिथेही ४.६ टक्के रुग्णांवर हाड न जुळल्यामुळे पुन्हा शस्त्रक्रिया करावी लागली. सगळ्या सोयी हाताशी असलेल्या रुग्णालयांची ही गत.

कायद्याचंही म्हणणं वेगळं नाही. 'जेकब मॅथ्यू विरुद्ध पंजाब राज्य' या २००५ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने बजावलं आहे की, उपचाराला यश आलं नाही किंवा शस्त्रक्रिया फसली, एवढ्यावरून डॉक्टरचा निष्काळजीपणा सिद्ध होत नाही. निष्काळजीपणा घडतच नाही असा याचा अर्थ नाही. घडला असेल तर तो स्वतंत्रपणे दाखवावा लागतो. निदानाचा संकेतांक त्याचा पुरावा होत नाही.

आता एक कारण, जे या जिल्ह्यात ऐकायला कुणालाच आवडत नाही. तेंदूपत्ता आणि विडी यांच्यावर गोंदियाचं नाव मोठं झालं, आणि सुपारी-तंबाखूचा खर्रा तर विदर्भात पानटपरीपासून धानाच्या बांधापर्यंत पोहोचलेला. उघडी जखम होऊन नडगी मोडलेल्या रुग्णांवरचा अमेरिकेतला एक अभ्यास २००५ साली आला. त्यात धूम्रपान करणाऱ्यांचं हाड जुळण्याची शक्यता, कधीच न ओढणाऱ्यांच्या तुलनेत ३७ टक्के कमी दिसली. तो अभ्यास सिगारेट ओढणाऱ्यांचा होता हे खरं. पण निकोटिन रक्तवाहिन्या आकसवतं, आणि ते विडीतही असतं, खर्ऱ्यातही. दवाखान्यावर चिडून बाहेर टपरीवर जाऊन खर्रा घोटून घेणाऱ्या माणसाला हे सांगायचं कुणी?

खरा शब्द टाळल्याने नुकसान कुणाचं होतं, तेही बघायला हवं. दहा महिन्यांच्या जुन्या दुखण्याला पुन्हा 'एस ८२.२', म्हणजे नडगीचं फ्रॅक्चर, असा संकेतांक दिला की ते नवी इजा म्हणून मोजलं जातं. एकाच माणसाचा पाय आकडेवारीत दोनदा मोडतो, आणि न जुळलेली हाडं जिल्ह्यात किती, याचा पत्ताच लागत नाही. महात्मा फुले जन आरोग्य योजना राजीव गांधी जीवनदायी या नावाने नोव्हेंबर २०१३ मध्ये राज्यभर लागू झाली, तेव्हा गोंदियातही आली. अशा योजनेत नियोजित शस्त्रक्रियेला आधी मंजुरी लागते. कागदावर ताजं फ्रॅक्चर आणि फोटोत जुना रॉड दिसला, तर तपासणारा प्रश्न विचारणारच. हेलपाटे पडतात ते रुग्णाला.

अमेरिकी रुग्णालयांसाठी मेडिकल कोडिंग करणाऱ्या आपल्याकडच्या मुलांचा गैरसमज निराळाच. तिकडच्या सुधारित आवृत्तीत न जुळलेल्या हाडासाठी फ्रॅक्चरच्याच संकेतांकाला सातवं अक्षर जोडतात: जखम नसेल तर 'के', उघड्या जखमेच्या प्रकारानुसार 'एम' किंवा 'एन'. 'ए' हे अक्षर फक्त ताज्या फ्रॅक्चरचं, असं अनेकांनी पाठ केलेलं असतं. पण आठ महिने उपचारच न घेता हाड न जुळलेल्या अवस्थेत रुग्ण पहिल्यांदा आला, तर तिथला नियम 'ए'च लावायला सांगतो.

उरलेले गैरसमज थोडक्यात.

'सहा महिने झाले म्हणजे नॉन-युनियन.' अमेरिकेच्या औषध प्रशासनाची प्रचलित व्याख्या नऊ महिन्यांची आहे, आणि त्यातले शेवटचे तीन महिने फोटोत काहीच प्रगती नसावी लागते. बाकी निर्णय डॉक्टरांचा.

'रॉड तुटला म्हणून हाड जुळलं नाही.' बहुतेकदा उलटं असतं: हाड जुळत नाही, सगळा भार धातूवर पडत राहतो, मग तो थकून तुटतो.

'कांडवेल बांधली की जुळतं.' मुद्दा वेलीचा नाही, तिच्यावर घट्ट आवळलेल्या कामट्यांचा आहे. त्यांनी रक्तप्रवाह अडून पाय काळा पडू शकतो.

'पायाचा रस्सा पाजा.' खुशाल पाजावा. जेवण म्हणून चांगला आहे.

'जखमेचं काय, ती तर भरली.' पाय मोडताना कातडी फाटली होती की नाही, हे नोंदलेलं नसेल तर आयसीडी-१० च्या नियमाने फ्रॅक्चर बंद धरलं जातं, आणि हाड का जुळलं नाही याचा मोठा धागा तिथेच तुटतो. ही नोंद बहुधा एकाच कागदावर असते: अपघाताच्या रात्री ग्रामीण रुग्णालयात पट्टी करताना दिलेल्या चिठ्ठीवर. बाकावर बसलेला मेहुणा आता पिशवी उलटी करून तीच शोधतोय. नागपूरच्या फाइली आहेत, औषधांची बिलं आहेत, सगळे फोटो आहेत. ती चिठ्ठी तेवढी नाही.