अमीन गल्लीत येतो तेव्हा

पंचगंगा घाटाच्या वरच्या अंगाला मंगला गौरीचं देऊळ आहे. भोवतालच्या गल्ल्या अशा, की समोरून गाय आली तर कुणाच्या तरी पायरीवर चढून उभं राहावं लागतं. दुर्गाघाट, ब्रह्माघाट, पंचगंगा हा काशीतल्या मराठी कुटुंबांच्या जुन्या वस्तीचा भाग. इथे कुणी ओटा हातभर पुढे आणला, की शेजाऱ्यांचा पहिला प्रश्न असतो, तिरडी वळणार कशी? घरमालक सांगतो, जागा आमचीच, आम्ही फक्त डागडुजी केली.

अशाच एका दाव्यात दिवाणी न्यायालयाचा अमीन, म्हणजे जागा मोजून नकाशा करणारा कर्मचारी, पाहणीला आला, तेव्हा मी तिथे होतो. दोन्हीकडचे वकील आवाज चढवत होते. अमीन मात्र आधी पक्की खूण शोधत राहिला. दोन्ही बाजूंना मान्य असलेला देवळाचा कोपरा सापडल्यावरच त्याने टेप सोडली. खुणेवरच वाद राहिला, तर पुढची सगळी मापं लटकी पडतात.

मग तो उकिडवा बसला. गल्लीत दगडी फरशी होती. तिचे सांधे सरळ रेषेत येऊन ओट्याच्या खाली शिरत होते. ओट्याच्या पायाशी काही ठिकाणी चुना, वर सगळं सिमेंट. त्याने दोन्ही लिहिलं. छपराचं पाणी कुठे पडतं, नाली कुठे वळते, हेही टिपलं. पागोळ्यांचं पाणी पडण्यापुरती सोडलेली पट्टी, जिला तिकडे आबचक म्हणतात, ती घराची की गल्लीची, यावर तिकडचे कितीतरी दावे अडलेले असतात. एक म्हातारे गृहस्थ लहानपणच्या आठवणी सांगू लागले. अमीनाने नम्रपणे थांबवलं, ‘वह अदालत में कहिएगा.’ जागा कुणाची हे ठरवणं त्याच्या हातात नसतं. दिसलं ते नकाशावर अ, ब, स, द घालून मांडायचं, एवढंच काम. पण पुढे न्यायाधीश गल्ली पाहणार ती बहुतेक त्याच कागदावरून.

दिवाणी दाव्याखेरीज दुसरी वाट दंडाधिकाऱ्याकडे जाते. सार्वजनिक रस्त्यावरचा अडथळा हटवण्याचा सशर्त आदेश तो देऊ शकतो. फौजदारी प्रक्रिया संहितेचं जुनं कलम 133, 1 जुलै 2024 पासून नव्या नागरिक सुरक्षा संहितेत 152. मात्र समोरच्याने ‘इथे लोकांचा हक्कच नाही’ असं म्हटलं आणि त्याला विश्वासार्ह पुरावा दिला, की कार्यवाही तिथेच थांबते आणि हक्काचा निवाडा सक्षम न्यायालयावर जातो. ही तरतूद मला योग्यच वाटते. एखाद्याचं खाजगी अंगण घाईघाईने रस्ता ठरू नये. आपल्याकडे महाराष्ट्रात शेतरस्ता अडवला तर 1906 च्या मामलेदार न्यायालय कायद्याखाली सहा महिन्यांच्या आत तहसीलदाराकडे जाता येतं. शहरातल्या गल्लीला अशी सोपी दारं नाहीत.

नगरपालिकेलाही रस्ता वाटेल तसा वापरता येत नाही. तेव्हा उत्तर प्रदेशातच असलेल्या मंगलौरमध्ये रस्त्याकडेच्या मोकळ्या जागेवरून महादेवाचं देवस्थान आणि नगरपालिका यांचा वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. तिथे पुतळा आणि पाणपोई बांधायचा पालिकेचा बेत होता. निकालात न्यायालयाने सांगितलं, की कडेची जागाही सार्वजनिक रस्त्याचाच भाग आहे, आणि म्हणूनच रस्त्याच्या कामी न येणारं बांधकाम पालिकेनेही तिथे करू नये.

श्रावणातल्या मंगळवारी मंगला गौरीला बायकांची रीघ लागते. आजूबाजूची एकेक गल्ली हातभर चिंचोळी झाली तर काय होईल, हे त्या दिवशी कुणालाही कळतं. तरीही पाहणी होते ती बहुधा उशिरा. तोवर ‘जैसे थे’चा आदेश ओट्याला सांभाळतो, सिमेंट जुनं दिसू लागतं आणि वर पत्रा चढतो. दावा दाखल झाल्याच्या आठवड्यातच अमीन पाठवावा, दोन्ही पक्षांसमोर फोटो काढून घ्यावेत, आणि पालिकेने प्रत्येक दारासमोरची गल्लीची रुंदी एकदा मोजून, तिच्यावर हरकती मागवून, नोंदवून ठेवावी.