घरचा संगणक घेतो गेमबॉयचे सोंग

वार्षिक परीक्षा संपल्या की घरोघर एकच तक्रार ऐकू येते : पोरे मोबाईल सोडत नाहीत. आईच्या फोनची बॅटरी दुपारपर्यंत उतरते, खेळाच्या मधेच जाहिराती येतात आणि 'नाणी विकत घ्या' म्हणून पैसेही मागितले जातात. त्याच घरात थोरल्याच्या कॉलेजसाठी घेतलेला संगणक कोपऱ्यात धूळ खात पडलेला असतो. या जुन्या संगणकावर इंटरनेट बंद ठेवून, जाहिरातींशिवाय आणि एक पैसा न भरता चांगले खेळ खेळता येतात. त्याची रीत येथे देत आहोत. आठवी-नववीतल्या मुलाला किंवा मुलीला हा लेख हातात देऊन संगणकापाशी बसवावे. मात्र पहिल्या दिवशी घरातले एक मोठे माणूस शेजारी असावे. ते का, हे पुढे येईलच.

गेमबॉय म्हणजे काय?

१९९० नंतरच्या काळात जत्रेत मिळणारा 'ब्रिक गेम' पुष्कळांना आठवत असेल. वरून विटा पडत आणि आपण त्या फिरवून ओळी भरत असू. त्या यंत्रातले खेळ कायमचे ठरलेले होते. गेमबॉय हे त्याच जातीचे, पण मोठ्या घराण्यातले यंत्र. जपानच्या निन्टेंडो कंपनीने ते १९८९ साली बाजारात आणले. त्यात खेळाची छोटी पेटी, म्हणजे कार्ट्रिज, घालावी लागे. पेटी बदलली की खेळ बदलला.

ही कंपनी १८८९ साली क्योतो शहरात पत्ते बनवण्यासाठी निघाली. १९६५ साली तेथे गुन्पेई योकोई नावाचा तरुण यंत्रांची देखभाल करायला लागला. पुढे याच योकोईंच्या हाताखालच्या मंडळींनी गेमबॉय घडवला. महागडे नवे तंत्र शोधत बसू नये, सर्वांच्या हाताखालून गेलेले स्वस्त तंत्र नव्या कामाला लावावे, असे त्यांचे सांगणे असे. भंगारातल्या इंजिनावर पाण्याचा पंप चालवणाऱ्या आपल्या माणसाला हे वेगळे सांगायला नको. म्हणूनच इतर कंपन्या रंगीत पडद्यामागे लागल्या असताना गेमबॉयला चारच छटांचा साधा पडदा होता. त्यामुळे चार पेन्सिल सेलवर तो कितीतरी तास चाले. गेमबॉय आणि १९९८ साली आलेला त्याचा रंगीत भाऊ मिळून ११ कोटी ८० लाखांवर यंत्रे खपली. २००१ साली गेमबॉय अॅडव्हान्स आला, त्याचीही ८ कोटींवर विक्री झाली. आता ही यंत्रे कंपनी बनवत नाही.

बहुरूपी आणि दुभाष्या

मग ते खेळ आपल्या संगणकावर कसे चालणार? गावात बहुरूपी येतो, तो कधी पोलीस होतो, कधी शंकर. संगणकालाही असे सोंग घ्यायला लावणारा प्रोग्राम असतो, त्याला इम्युलेटर म्हणतात. खेळाला वाटते आपण गेमबॉयमध्येच आहोत. प्रत्यक्षात तो विंडोजच्या संगणकात असतो.

आत काम चालते ते दुभाष्यासारखे. गेमबॉयच्या मेंदूची भाषा वेगळी, आपल्या संगणकाची वेगळी. इम्युलेटर खेळातली एकेक आज्ञा वाचतो आणि आपल्या संगणकाला समजेल अशी करून सांगतो. दुभाष्या मधे आला की बोलणे लांबते, म्हणून मूळ यंत्रापेक्षा संगणक पुष्कळ वेगवान असावा लागतो. गेमबॉयच्या मेंदूचे ठोके सेकंदाला सुमारे ४२ लाख आणि अॅडव्हान्सचे सुमारे १ कोटी ६८ लाख. दहा-बारा वर्षांच्या जुन्या संगणकाचे ठोकेही अब्जांत असतात. तेव्हा यासाठी नवा संगणक घेण्याची मुळीच गरज नाही.

तिफण वेगळी, बियाणे वेगळे

येथे एक गोष्ट नीट समजून घ्यावी. इम्युलेटर ही तिफण आहे, आणि खेळाची फाईल, जिला 'रॉम' म्हणतात, ते बियाणे. तिफण आणली म्हणजे बियाणे आले असे होत नाही.

इम्युलेटर बनवणे आणि वापरणे हा गुन्हा नाही. अमेरिकेत सोनी कंपनीने अशाच एका प्रोग्रामविरुद्ध दावा लावला होता. २००० साली तेथील अपील न्यायालयाने निकाल प्रोग्राम बनवणाऱ्याच्या बाजूने दिला. पण दुसऱ्याच्या मालकीचे खेळ फुकट वाटणे हे वेगळे प्रकरण आहे. २०२४ साली निन्टेंडोच्या नव्या यंत्राचा इम्युलेटर करणाऱ्या मंडळींवर खटला झाला आणि त्यांना २४ लाख डॉलर देण्याचे मान्य करून आपले काम बंद करावे लागले. आपल्याकडेही १९५७ चा कॉपीराइट कायदा आहे. रीतसर विकत घेतलेल्या प्रोग्रामची प्रत, मूळ खराब झाल्यास असावी म्हणून, काढून ठेवण्याची सवलत त्यात आहे. शेजाऱ्याच्या किंवा परक्याच्या प्रतीला ती लागू नाही.

कायद्यापेक्षाही जवळचा धोका दुसरा आहे. 'हजार खेळ फुकट' अशा पाट्या लावलेल्या जागा इंटरनेटवर पुष्कळ आहेत. बोगस बियाण्याची पिशवीही वरून चकचकीतच असते. तेथून खेळाऐवजी चोर प्रोग्राम घरात शिरू शकतो. आणि आपल्या त्याच संगणकावर सातबाऱ्याच्या प्रती, पीक विम्याच्या पावत्या आणि बँकेचे व्यवहार असतात. पहिल्या दिवशी मोठे माणूस शेजारी हवे ते यासाठी. दोन खुणा ध्यानात ठेवाव्यात :

एक, गेमबॉयच्या खेळाच्या फाईलचे शेपूट 'जीबी', 'जीबीसी' किंवा 'जीबीए' असते. कधी ती 'झिप' गाठोड्यात बांधलेली असते. खेळ म्हणून उतरवलेल्या फाईलचे शेपूट 'ईएक्सई' निघाले, तर ती उघडू नये, काढून टाकावी.

दोन, खेळ देणाऱ्याने मोबाईल नंबर, ओटीपी किंवा कार्डाचा आकडा मागितला, की तेथून उठावे.

मग चांगले बियाणे कोठे मिळेल? गेमबॉयसाठी आजही हौशी लोक नवे खेळ करतात आणि त्यातले पुष्कळ राजीखुशीने फुकट देतात. २०१७ सालचा 'टोबू टोबू गर्ल' हा त्यातलाच. फुग्यांबरोबर उडून गेलेल्या मांजराला सोडवायला एक मुलगी उड्या मारत आभाळात चढते. 'म्यूसिटी' नावाच्या खेळात रस्ते, घरे, वीजकेंद्र बांधून शहर वसवायचे असते; त्यात मोठी माणसेही रमतात. असे खेळ 'इच डॉट आयओ' आणि 'होमब्रू हब' या ठिकाणी मिळतात. विटांचा प्रसिद्ध 'टेट्रिस' मात्र मालकीचा आहे, तो फुकटात मोडत नाही.

प्रत्यक्ष मांडणी

१. आधी मुलांसाठी विंडोजमध्ये वेगळे खाते उघडावे आणि ते 'स्टँडर्ड' प्रकारचे ठेवावे. त्या खात्यातून मोठ्यांच्या पासवर्डाशिवाय नवा प्रोग्राम सगळ्या संगणकावर बसवता येत नाही. कागदपत्रे आपल्या खात्यात राहू द्यावीत.

२. 'सेटिंग्ज'मध्ये 'सिस्टिम' आणि मग 'अबाउट' उघडावे. संगणक ३२ बिटचा की ६४ बिटचा हे तेथे लिहिलेले असते. ते वहीत टिपून ठेवावे.

३. 'एमजीबीए' हा फुकट इम्युलेटर घ्यावा. गेमबॉय, रंगीत गेमबॉय आणि अॅडव्हान्स या तिन्हींचे सोंग तो घेतो, आणि विंडोज ७ पासून पुढे चालतो. तो त्याच्या मूळ जागेवरूनच, म्हणजे 'एमजीबीए डॉट आयओ' येथूनच उतरवावा. आपल्या संगणकाच्या बिटप्रमाणे प्रत निवडावी आणि इतर प्रोग्रामसारखी बसवावी. काही इम्युलेटरांना मूळ यंत्रातली 'बायोस' नावाची फाईल लागते. याला ती नसली तरी चालते.

४. 'खेळ' नावाचे एक फोल्डर करून सर्व खेळ त्यातच ठेवावेत. पसारा असला की पुढे जपून ठेवलेली फाईल सापडत नाही.

५. एमजीबीए उघडून 'फाईल' मेनूतून 'लोड रॉम' निवडावे आणि आपला खेळ दाखवावा. लगेच तो सुरू होतो.

६. चित्र लहान दिसेल, त्याने घाबरू नये. गेमबॉयचा पडदाच आडवा १६० आणि उभा १४४ ठिपक्यांचा आहे. 'ऑडिओ/व्हिडिओ' मेनूतील 'फ्रेम साइझ'मधून चौपट करावे. अडीचपट, साडेतीनपट असे ताणले तर ठिपके वेडेवाकडे दिसतात.

७. बाणांच्या कळांनी चालावे. यंत्रावरच्या 'ए' बटणासाठी एक्स, 'बी' साठी झेड, 'स्टार्ट'साठी एंटर आणि 'सिलेक्ट'साठी बॅकस्पेस ही कळ असते. घरात यूएसबीचा गेमपॅड असेल तर तोही जोडता येतो.

खेळ अडखळू लागला तर इतर खिडक्या बंद कराव्यात आणि लॅपटॉपचा वीजबचतीचा पर्याय काढून पाहावा. पडदा कोराच राहिला तर बहुधा फाईल अर्धवट उतरलेली असते. ती पुन्हा घ्यावी.

वीज गेली तर?

जुन्या कार्ट्रिजमध्ये खेळाची नोंद राहावी म्हणून बटणाएवढा सेल बसवलेला असे. वर्षांनी तो सेल संपला की मुलाने महिनोन्‌महिने खेळून मिळवलेले सगळे पुसले जाई. आपल्याकडे तेच काम भारनियमन करू शकते.

संगणकावर जपून ठेवण्याच्या दोन रीती आहेत. खेळाच्या आतच 'सेव्ह' असेल तर ती पासबुकातली नोंद समजावी. तिची 'एसएव्ही' शेपटाची छोटी फाईल खेळाशेजारी तयार होते. दुसरी रीत फोटोसारखी : शिफ्ट दाबून एफ१ दाबले की त्या क्षणाची स्थिती जपली जाते, आणि नुसते एफ१ दाबले की तेथूनच खेळ पुन्हा सुरू होतो. फोटो सोयीचा, पण इम्युलेटर बदलला तर दुसरा तो वाचीलच असे नाही. म्हणून नोंद पासबुकात करावी, फोटो वरकड ठेवावा, आणि आठवड्यातून एकदा 'खेळ' फोल्डर पेनड्राइव्हवर उतरवून घ्यावे. ही सवय लागली की मुलेच आपल्या सातबाऱ्याच्या आणि पावत्यांच्या प्रती काढून ठेवू लागतील.

खेळणारा खेळ करू लागला तर

मुले चार दिवस खेळली की त्यांना पुढची पायरी दाखवावी. 'जीबी स्टुडिओ' नावाचा फुकट प्रोग्राम क्रिस मॉल्टबी यांनी २०१९ साली प्रसिद्ध केला. त्यात चित्रे मांडून, माणसे ठेवून, 'येथे आला की असे व्हावे' असे ठरवून स्वतःचा गेमबॉयचा खेळ करता येतो. प्रोग्रामची भाषा आधी यायला हवी असे नाही.

सुरुवात चौकटीच्या वहीवर करावी. गेमबॉयचा पडदा आडव्या २० आणि उभ्या १८ चौकोनांचा असतो, एकूण ३६०. तेवढे चौकोन आखून त्यात आपली वस्ती बसवावी : मारुतीचे देऊळ, विहीर, गोठा, शाळेची वाट. प्रत्येक चौकोन पुन्हा ८ गुणिले ८ ठिपक्यांचा, आणि छटा चारच. एवढ्यात गाय गायीसारखी दिसली पाहिजे! हरवलेले वासरू शोधायचे, एवढी गोष्टही पहिल्या खेळाला पुरे. यात गणित, चित्रकला आणि विचार तिन्ही लागतात, आणि केलेला खेळ एमजीबीएमध्ये घालून आजोबांना खेळायला देता येतो.

शेवटचे सांगणे एवढेच की वेळेचा नियम पहिल्या दिवशीच ठरवावा. या खेळांत जाहिरात नाही आणि 'आज आला नाहीस तर बक्षीस जाईल' अशी ओढही बहुधा नसते, त्यामुळे जपून ठेवून उठणे सोपे जाते. दिवसाला एक तास पुरे. एक खेळतो तेव्हा दुसऱ्याने चौकटीच्या वहीवर बसावे. आणि मांडणी झाली की इंटरनेटची जोडणी काढून ठेवावी. खेळाला तिची गरज लागत नाही.