तपासणी कोणाची, आणि केव्हा?

घोरावाडी स्टेशनात पुण्याच्या लोकलची वाट पाहत उभ्या असलेल्या बायांत धुणीभांडी करणारी असते, रोजंदारीवर कंपनीत जाणारी असते, एखादी शिक्षिकाही असते. तिशी ओलांडलेल्या ह्या स्त्रियांपैकी गर्भाशयमुखाची तपासणी किती जणींची झाली असेल? २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत ३० ते ४९ वयाच्या शंभर स्त्रियांमागे दोघींचीही झालेली नव्हती.

हा कर्करोग एच.पी.व्ही. ह्या विषाणूमुळे होतो. तो संभोगातून येतो. बहुतेकींच्या शरीरातून आपोआप जातो, काहींच्या शरीरात मुक्काम करतो आणि दहा-वीस वर्षांनी रोग उभा राहतो. एवढ्या काळात काही दुखत नाही. म्हणून तपासणी दुखणे नसतानाच करायची. केंद्र सरकारने २०१६ साली ठरवून दिले आहे : वय ३० ते ६५, दर पाच वर्षांनी एकदा. गर्भाशयमुखाला सौम्य ॲसेटिक आम्ल लावायचे आणि मिनिटभराने पांढरा डाग उमटतो का ते पाहायचे. प्रशिक्षित नर्सबाईला हे जमते. डाग म्हणजे कर्करोग नव्हे. पुढची तपासणी हवी, एवढाच त्याचा अर्थ. एच.आय.व्ही. असलेल्या स्त्रीने पंचविशीपासून तपासून घ्यावे, असे जागतिक आरोग्य संघटना २०२१ पासून सांगते.

हे ज्ञान काही आकाशातून पडलेले नाही. त्यातले बरेचसे तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यातल्या खेड्यांनी दिले. बार्शीचे नर्गिस दत्त रुग्णालय आणि मुंबईचे टाटा रुग्णालय ह्यांनी १९९९ पासून तेथे ३० ते ५९ वयाच्या १ लाख ३१ हजार स्त्रियांचा अभ्यास केला. निष्कर्ष २००९ साली छापून आले. विषाणूची चाचणी एकदाच झालेल्या ३४ हजारांच्या गटात ह्या रोगाने ३४ मृत्यू झाले. ज्यांना चाचणी कोठे मिळेल एवढेच सांगून नेहमीच्या आरोग्यसेवेवर सोडले होते, त्या ३१ हजारांच्या गटात ६४. खेड्यातली नेहमीची सेवा म्हणजे चाचणी नसणेच! ह्यावर पुढे वाद झाला, आणि तो व्हायलाच हवा होता. पुरावा ह्या बायांच्या देहांवर मिळाला; मग चाचणी त्यांच्या उपकेंद्रात आधी का पोचू नये?

भीतीचा धंदा मात्र लवकर पोचतो. बीडच्या ऊसतोड बायांच्या गर्भपिशव्या काढल्याच्या प्रकरणी २०१९ साली शासनाला समिती नेमावी लागली. अंगावरून पांढरे जाते एवढ्यावरून कित्येकींना कॅन्सरचा धाक घातला गेला होता. पिशवी काढायला कोणी सांगितलेच, तर तपासणीचा कागद आधी मागावा.

पाळीत किंवा गरोदरपणी जाऊ नये. नवऱ्याची सही लागत नाही. केंद्रावर नर्सबाई भेटली नाही, तर ती कोणत्या वारी असते ते विचारून यावे.