पैशाच्या हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीतील अटक : ऋणकोस असलेले वैधानिक संरक्षण

प्रस्तावना :
कर्ज फेडता न येणे हा भारतीय कायद्यानुसार गुन्हा नाही. तथापि, पैशाच्या हुकूमनाम्याची रक्कम न भरणाऱ्या व्यक्तीस दिवाणी कैदेत ठेवण्याची तरतूद दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मध्ये आजही आहे. त्यामुळे ‘रक्कम थकली की अटक’ असा समज रूढ झालेला दिसतो. वस्तुतः कायदा असमर्थता आणि अप्रामाणिकता यांत स्पष्ट भेद करतो. हा भेद जपणाऱ्या तरतुदींचे विवेचन प्रस्तुत लेखात केले आहे.

कलम ५१ चे परंतुक :
१९३६ च्या दुरुस्तीने या कलमास जोडलेल्या परंतुकानुसार, ऋणकोस कारण दाखविण्याची संधी दिल्याशिवाय आणि न्यायालयाने लेखी कारणे नोंदविल्याशिवाय कैदेचा आदेश देता येत नाही. त्यासाठी पुढीलपैकी एका बाबीविषयी न्यायालयाची खात्री व्हावी लागते : अंमलबजावणीत अडथळा येईल अशा रीतीने ऋणको पळून जाण्याचा संभव आहे, किंवा दावा दाखल झाल्यानंतर त्याने मालमत्ता अप्रामाणिकपणे हस्तांतरित केली वा लपविली आहे, ऐपत असूनही तो रक्कम देण्यास नकार देतो वा टाळाटाळ करतो, अथवा ती रक्कम त्याच्याकडे विश्वस्ताच्या नात्याने होती. ऐपत ठरविताना जप्तीतून वगळलेली मालमत्ता हिशेबात धरता येत नाही. म्हणजेच नांगर, बैल वा कारागिराची हत्यारे एवढ्यावरून कोणी ऐपतदार ठरत नाही.

नोटीस आणि चौकशी :
आदेश २१, नियम ३७ अन्वये न्यायालयाने प्रथम वॉरंट न काढता कारणे दाखवा नोटीस काढावयाची असते. ऋणको पळून जाईल अशी खात्री झाल्यासच यास अपवाद करता येतो. मात्र नोटीस मिळूनही ऋणको हजर न राहिल्यास, हुकूमनामाधारकाच्या मागणीवरून वॉरंट निघते. म्हणून नोटिसीकडे दुर्लक्ष करणे ऋणकोस महागात पडते. तरीही हे वॉरंट म्हणजे कैदेचा आदेश नव्हे. ऋणको न्यायालयापुढे आल्यावर नियम ४० प्रमाणे चौकशी होते. तीत प्रथम हुकूमनामाधारकाचे म्हणणे व पुरावा घेतला जातो आणि त्यानंतर ऋणकोस बाजू मांडण्याची संधी मिळते. या दोन टप्प्यांची गल्लत झाल्यास संरक्षण केवळ कागदावर उरते.

अन्य मर्यादा :
पैशाच्या हुकूमनाम्यासाठी स्त्रीस अटक करता येत नाही (कलम ५६). सूर्यास्तानंतर व सूर्योदयापूर्वी अटकेसाठी राहत्या घरात प्रवेश करता येत नाही. हुकूमनाम्याची रक्कम व अटकेचा खर्च अधिकाऱ्याकडे भरताच सुटका करावी लागते (कलम ५५). रक्कम २,००० रुपयांपेक्षा अधिक नसेल तर कैद नाही. त्याहून अधिक परंतु ५,००० रुपयांपर्यंत असेल तर कमाल सहा आठवडे आणि ५,००० रुपयांपेक्षा अधिक असेल तर कमाल तीन महिने कैद होऊ शकते (कलम ५८). मात्र कैद भोगल्याने कर्ज फिटत नाही. त्याच हुकूमनाम्याखाली पुन्हा अटक तेवढी होत नाही.

न्यायालयीन दृष्टिकोन :
नागरी व राजकीय हक्कांविषयीच्या आंतरराष्ट्रीय करारनाम्यात भारत १९७९ मध्ये सामील झाला. केवळ करारातील दायित्व पार पाडता आले नाही म्हणून कोणासही कैद करू नये, असे त्याच्या अनुच्छेद ११ मध्ये म्हटले आहे. जॉली जॉर्ज वर्गीस विरुद्ध बँक ऑफ कोचीन (१९८०) या प्रकरणात न्या. कृष्ण अय्यर यांनी हा अनुच्छेद व संविधानाचा अनुच्छेद २१ यांच्या प्रकाशात कलम ५१ चा अर्थ लावला. निव्वळ थकबाकी पुरेशी नाही, तर तिच्यामागे दुर्हेतूचा अंश असला पाहिजे. दारिद्र्य हा अपराध नव्हे, असा या निर्णयाचा आशय आहे.

समारोप :
हुकूमनामा मिळविणाऱ्या धनकोचा हक्कही खराच आहे आणि ऐपतदार थकबाकीदारास अभय देणे हा या तरतुदींचा हेतू नाही. परंतु ऐपतीचा पुरावा न तपासता छापील नमुन्यावर काढलेला आदेश गरीब व लबाड यांना एकाच मापाने मोजतो. हा अन्याय टाळण्याचे साधन म्हणजे लेखी कारणांसह होणारी प्रत्यक्ष चौकशी होय.