ठोसा थांबवण्याची विद्या

अंबरनाथ पश्चिमेला, विम्को नाक्याच्या परिसरात, संध्याकाळी कराटेचा एक वर्ग भरतो. आगपेट्यांच्या कारखान्यावरून नाव पडलेला हा नाका. ‘हाजिमे’ (सुरू करा) म्हटलं की ‘इची, नी, सान’ या जपानी आकड्यांवर मुलांचे ठोसे सुरू होतात. शिकवणारे सर अधूनमधून सिनेमाच्या शूटिंगला, मारामारीच्या प्रसंगांसाठी जातात. मला दोन्ही कामं जवळून समजून घ्यायची होती, म्हणून मी फक्त ठोशाकडे लक्ष दिलं.

सर आधी मुठी तपासतात. लहान मुलं अंगठा हमखास आत दाबतात. तसा ठोसा बसला तर मोडेल तो अंगठाच. अंगठा बाहेरून, पहिल्या दोन बोटांची हाडं पुढे, मनगट सरळ. एक हात पुढे सुटतो तेव्हा दुसरा कमरेशी ओढला जातो. ‘‘खांदा सैल सोड, कंबर फिरव,’’ सर एकेकाजवळ जाऊन सांगतात. मग जोड्या लागतात. पूर्ण वेगाने सुटलेली मूठ समोरच्याच्या हनुवटीजवळ येऊन थांबली पाहिजे. हे जमायला वर्षं लागतात, आणि सर इथे कुणालाही सूट देत नाहीत.

कॅमेऱ्यापुढे सगळं उलटं. खरा ठोसा समोरच्याला दिसता कामा नये. पडद्यावरचा शेवटच्या रांगेतल्या प्रेक्षकालाही कळला पाहिजे. म्हणून हात मागून, मोठा वळसा घेऊन येतो. मूठ आणि जबडा कॅमेऱ्याच्या रेषेत आले की मधलं अंतर झाकलं जातं. मार खाणाऱ्याने नेमक्या क्षणी मान झटकायची. आवाज मागाहून भरतात. त्याची मान उशिरा वळली तर ठोसा खोटा पडतो, म्हणून निम्मं श्रेय त्याचं.

ब्रूस लीला ‘द ग्रीन हॉर्नेट’ मालिकेच्या चित्रीकरणात वेग कमी करायला सांगावं लागलं होतं. त्याच्या हालचाली कॅमेऱ्यात धड दिसत नव्हत्या. ‘एंटर द ड्रॅगन’ 1973 साली आला, पण त्याच्या कितीतरी आधी त्याने सिएटलमध्ये कुंग फूची शाळा काढली होती आणि पुढे स्टीव्ह मॅक्वीन, जेम्स कोबर्न यांना शिकवलं होतं. आपल्याकडे अक्षय कुमारही आधी मुंबईत मार्शल आर्ट्सच शिकवत होता. 1991च्या ‘सौगंध’चा नायक तो नंतर झाला. आणि त्या सगळ्यांआधी आपले मास्टर विठ्ठल! मूकपटांतल्या तलवारबाजीने नाव कमावून 1931च्या ‘आलम आरा’चे नायक झाले.

तरीही मला वर्गाचं काम मोठं वाटतं. चित्रीकरणात चुकलं तर पुन्हा टेक घेता येतो. वर्गात समोर कुणाचं तरी मूल उभं असतं.

मुलाला अशा वर्गात घालणार असाल तर भिंतीवरच्या नटांसोबतच्या फोटोंवर जाऊ नका. जोड्यांचा सराव चालू असताना तासभर बसा, हात न आवरणाऱ्या मुलाला सर काय सांगतात ते ऐका आणि मगच फी भरा.