स्वरलिपी न जाणणारा संगीतकार

मूकपटांच्या काळात चित्रपटाचे संगीत दिग्दर्शकाच्या हाती नसे. मोठ्या शहरातील चित्रगृहात पडद्यापुढे वाद्यवृंद वाजे, तर लहान गावात एकट्या पियानोवादकाच्या लहरीवर सारे अवलंबून असे. बोलपट आल्यावर चार्ली चॅप्लिनने संवादांना नकार दिला, परंतु ध्वनिपट्टी मात्र आनंदाने स्वीकारली. १९३१ सालच्या 'सिटी लाइट्स'मध्ये पात्रे बोलत नाहीत. संगीत मात्र आहे, आणि ते चॅप्लिनचे आहे.

अर्थात सगळे नव्हे. त्यातील फुलवालीची धून स्पॅनिश संगीतकार पादिया यांची होती. ते न्यायालयात गेले आणि खटला जिंकले.

चॅप्लिनने सोळाव्या वर्षापासून व्हायोलिन व चेलो यांचा कसून सराव केला होता. तो डावखुरा असल्याने त्याच्या व्हायोलिनच्या तारा उलट्या क्रमाने चढविलेल्या असत. स्वरलेखन मात्र त्याला येत नसे. तो सूर गुणगुणे किंवा पियानोवर वाजवून दाखवी, आणि जाणकार साहाय्यक ते कागदावर उतरवून वाद्यमेळात बसवीत. 'मॉडर्न टाइम्स'च्या (१९३६) वेळी डेव्हिड रॅक्सिन या तेवीस वर्षांच्या साहाय्यकाने स्पष्ट मतभेद दाखविले, तेव्हा त्याची नोकरी गेली. पण लवकरच त्याला परत बोलावणेही आले. या मंडळींचे ऋण मोठे आहे. तथापि मूळ दृष्टी चॅप्लिनचीच होती. विनोदी प्रसंगाला विनोदी संगीत हवे, असे साथीदारांना वाटे. त्याला ते डौलदार आणि हळुवार हवे असे. पडद्यावरचा फाटका भटक्या लोकांच्या हसण्याचा विषय होताच. संगीतानेही त्याची थट्टा करावी, हे त्याला मान्य नव्हते.

१९५२ साली अमेरिकेचे दार त्याला बंद झाले. त्याच वर्षीचा 'लाइमलाइट' लॉस एंजेलिसमध्ये १९७२ पर्यंत प्रदर्शित न झाल्यामुळे त्याच्या संगीताला ऑस्कर मिळाले ते थेट १९७३ साली, दोन सहकाऱ्यांसमवेत.

स्वित्झर्लंडमधील उतारवयात त्याने आपल्या जुन्या मूकपटांना एकेक करून संगीत दिले. 'द सर्कस'साठी तर ऐंशीच्या उंबरठ्यावर असताना तो स्वतः गायला. अखेरचे काम १९७६ सालचे. चित्रपट होता १९२३ चा 'अ वुमन ऑफ पॅरिस', ज्यात नट चॅप्लिन हमालाच्या वेषात क्षणभर दिसतो आणि निघून जातो.