सिकलसेल : एका रेणूतील फरक आणि त्याचे परिणाम

रक्ताला तांबडा रंग येतो तो हिमोग्लोबिन या प्रथिनामुळे. फुफ्फुसांतील प्राणवायू शरीराच्या सर्व भागांत पोचविणे हे त्याचे मुख्य कार्य होय. हिमोग्लोबिन तांबड्या पेशींत साठविलेले असते. निरोगी तांबडी पेशी मध्यभागी दबलेल्या चकतीसारखी व लवचिक असते. त्यामुळे अतिसूक्ष्म केशवाहिन्यांतूनही ती सहज वाट काढते आणि सुमारे १२० दिवस जगते.

सिकलसेल आजारात हीच पेशी विळ्यासारखी वाकडी व ताठर बनते. अशा पेशी अमेरिकेतील डॉ. जेम्स हेरिक यांनी १९१० मध्ये प्रथम नोंदविल्या. आजाराचे मूळ हिमोग्लोबिनच्या रेणूतच आहे, हे १९४९ मध्ये लायनस पॉलिंग व त्यांच्या सहकाऱ्यांनी दाखवून दिले. पुढे व्हर्नन इन्ग्रॅम यांनी नेमका फरक शोधला. हिमोग्लोबिनच्या बीटा साखळीत १४६ अमिनो आम्ले असतात. त्यांपैकी सहाव्या स्थानी ग्लुटामिक आम्लाऐवजी व्हॅलिन येते. फरक एवढाच, परंतु प्राणवायू सोडल्यानंतर असे रेणू एकमेकांना चिकटून लांब तंतू तयार करतात आणि पेशीचा आकार बिघडवितात.

वाकड्या पेशी केशवाहिन्यांत अडकल्या, की हाडे, सांधे, छाती व पोट यांत असह्य वेदना उठतात. या पेशी १० ते २० दिवसांतच नष्ट होत असल्याने पांडुरोग जडतो. प्लीहा निकामी होऊन जंतुसंसर्गाचा धोका वाढतो. ताप, थंडी, अतिश्रम किंवा शरीरातील पाणी कमी होणे यांमुळे त्रास बळावतो.

हा आजार संसर्गाने होत नाही. तो आनुवंशिक आहे. सदोष जनुक माता व पिता या दोघांकडूनही आले, तरच अपत्य रुग्ण होते. म्हणूनच केवळ मातेला दोष देणे सर्वस्वी अन्यायाचे आहे. एकच सदोष जनुक असणारी व्यक्ती ‘वाहक’ असते. तिला सहसा त्रास होत नाही. उलट तीव्र हिवतापापासून काही अंशी संरक्षण मिळते. त्यामुळेच जेथे पूर्वापार हिवतापाचा प्रादुर्भाव होता, अशा भागांत हे जनुक टिकून राहिले. महाराष्ट्रात विदर्भ आणि नंदुरबार परिसरातील आदिवासी व इतर काही समाजांत ते आढळते.

दोन वाहकांचा विवाह झाल्यास प्रत्येक गरोदरपणी अपत्य रुग्ण होण्याची शक्यता २५ टक्के, वाहक होण्याची ५० टक्के व पूर्ण निर्दोष असण्याची २५ टक्के असते. विवाहापूर्वी साधी रक्ततपासणी करून घेतल्यास हा धोका आधीच कळतो. रुग्णांनी भरपूर पाणी प्यावे, ताप अंगावर काढू नये आणि वैद्यकीय सल्ल्याने हायड्रॉक्सियुरियासारखे औषध नियमित घ्यावे. केंद्र शासनाने १ जुलै २०२३ रोजी राष्ट्रीय सिकलसेल निर्मूलन अभियान सुरू केले असून २०४७ पर्यंतचे उद्दिष्ट समोर ठेवले आहे. हे उद्दिष्ट गाठायचे, तर तपासणीविषयीचा संकोच आणि वाहकांविषयीचा गैरसमज प्रथम दूर व्हावयास हवा.